बकारामचा तलाव

मोरगाव,
संक्रांत होऊन गेली, सन १९५९

प्रिय खेमराज,

रुख्माले पाठव म्हणतो. पाठव! ती काय कणगीतलं धान आहे, की पोत्यात भरलं, तोंड शिवलं, अर्जुनीच्या टेसनावर नेऊन टाकलं अन् पोचलं तुझ्या रेतीत? आठ वर्षं झाली तुले जाऊन. चार पानं भरून रेती लिहिली तू, अन् सगळ्यात खाली, कागद उरला म्हणून, बायकोची एक ओळ. ‘इथे आता सारं ठीक आहे, रुख्माले पाठवून दे.’ तुले लाज नाही वाटली ती ओळ लिहिताना? मले वाचताना वाटली. अन् मी कोणाची लाज धरणारी बाई नाही, हे तुले माहीत आहे.

मी कशी आहे हे तू विचारलं नाही. बरी आहे. गुडघे दुखतात. धान चुरून झालं, यंदा उतारा बरा पडला. नवरा मेल्यावर मी माहेरी आली तेव्हा तू म्हटलं होतं, बाई, हे घर तुझंच आहे. ते मात्र खरं केलं तू. घर माझ्याच गळ्यात टाकून गेला. हे पत्र मी माझ्या हातानं लिहून राहिली. मास्तराकडून लिहवलं असतं तर अक्षर बरं आलं असतं, पण यातलं गावाले कळून चालत नाही. मी दुसऱ्या वर्गापर्यंत शिकली, तेवढ्यात जे जमलं ते. माझ्या चुका काढू नको. आज चुका मी काढणार आहे.

तुझी ती चार पानं. सकाळी उठलं की रेतीवर वाऱ्याच्या ओळी दिसतात म्हणे, पाटीवर कोणी पोरानं गिरवल्यासारख्या. रात्री कोण आलं, कोण गेलं, साप गेला का कोल्हा गेला, सारं पायांवरून कळते. दिवसा पाय भाजते तीच रेती रात्री थंडगार पडते, अन् तिच्यावर उताणं झोपलं की आभाळ अंगावर उतरते. इकडचा धोरा, ती रेतीची टेकडी, वारा तिकडे नेऊन ठेवते, म्हणून तिथल्या माणसाले कशाचाच गर्व राहत नाही. छान लिहिलं. मले खरं सांगायले काय जाते, वाचून झाल्यावर मी ते पान पुन्हा एकदा वाचलं, अन् मग मले माझाच राग आला. आपण तलाव बांधणारे कोहळी, खेमराज. दोन टेकड्यांच्या मधून पावसाचं पाणी वाहताना दिसलं की आपल्या माणसाचे हात शिवशिवतात, इथे मातीची पार घालू, इथे पाणी अडवू. आपल्याले एवढी रेती कशी गोड लागली? ज्या रेतीनं आपला बाप खाल्ला?

रुख्माचं ऐक आता. तू गेला तेव्हा ती एकोणीस वर्षांची होती. तुझं पत्र आलं की मी वाचायची अन् ती सूप खाली ठेवून ऐकायची. एकदा वाचलं की तिले पाठ. रोवण्याच्या वेळी गुडघाभर चिखलात, कमरेत वाकून, वरून पाऊस पडत असताना ही बाई बाकीच्या बायायले तुझी रेती सांगायची. तिकडे बाजरीची भाकर खातात, तिकडे ताटं पाण्यानं नाही धूत, रेतीनं घासतात, तिकडे उंटाले पाऊस आधी कळते. बाया हसायच्या. तिचं नावच पडलं रेतीवाली. रेतीवाली आली, रेतीवाली गेली, रेतीवालीच्या मालकाले उंटीण भेटली असंल. ती पण हसायची त्यांच्यासंगं. मी नाही हसली. मी एकीच्या पाठीत रोवायच्या परह्याची पेंढी हाणली होती, तिनं मग माझ्याशी दोन वर्षं बोलणं टाकलं. चांगलं झालं.

पण रेतीवाली म्हणणं हे काहीच नव्हतं. खरं काय म्हणायचे ते मी तुले आजवर लिहिलं नाही. आज लिहीन. त्याच्यासाठी मागून सुरुवात करावी लागते.

मुन्नालाल शेठ आठवते ना? गोंदियाचा, राईस मिलवाला. दिवाळीनंतर बग्गीत बसून आला होता. म्हणे आमच्या मूळ गावी, बिकानेरकडे, पाण्याचे फार हाल. माझ्या मायच्या नावानं तिथे एक तलाव बांधायचा. तुम्ही लोक तलावाचे, ऐकलं आहे. बाबा खुर्चीवर नाही बसला त्याच्यासमोर, पण छाती अशी फुगली होती जसा पावसाळ्यातला बेडूक. सात पिढ्या आपण इथे पारी घातल्या, आता कोणी परमुलखासाठी विचारायले आलं. मी म्हटलं होतं, बाबा, साठी झाली, आता कायले? बाबा म्हणाला, पाणी धरायचं काम आहे, बाई, मुलूख कोणताही असो. तुम्ही आठ गडी निघाले तेव्हा अर्जुनीच्या टेसनावर रुख्मानं सगळ्यांच्या कपाळाले कुंकू लावलं. तुले लावताना गाडीची शिट्टी झाली अन् कुंकू तुझ्या नाकावर पडलं. सगळे हसले. तेच तिचं तुझ्यासंगचं शेवटचं हसणं, लक्षात ठेव.

पुढच्याच पावसात तुझं पत्र आलं, तलाव भरला. रुख्मानं गावभर गूळ वाटला. मग बरेच दिवस पत्राचा पत्ता नाही. मग पाच गडी परत आले अन् खाली मान घालून आपापल्या घरात शिरले. म्हणे खोदून झालं, आमचं काम झालं, पुढचं आम्हाले माहीत नाही. तू, बाबा अन् उदाराम तिकडेच राहिले. अन् पुढच्या उन्हाळ्यात तुझं ते पत्र. मी ते फाडलं नाही, पण मले ते काढून पाहायची गरजही नाही, तोंडपाठ आहे. तलावाचं पाणी रेतीनं पिऊन टाकलं. बाबाचा हट्ट नडला. मी सांगत होतो, बाबानं ऐकलं नाही. मग बाबाले ताप आला अन् दोन दिवसांत शांतपणे गेला. त्याच्या चुकीमुळे गावाचे हाल झाले, ते निस्तरायले मी इथेच राहतो.

तुझं पत्र घेऊन मी पंचांच्या पुढे गेली होती, बाबाच्या दिवसांसाठी. त्यायनं वाचलं. गावाले कळलं. अन् आपल्या गावाले तर नवीन म्हण पाहिजेच असते, बाबाचं नावच सापडलं. घर गळलं, बकारामचा तलाव. कोणाच्या हातात पैसा टिकत नाही, बकारामचा तलाव. हंड्याले भोक पडलं तर पोरं सुद्धा म्हणतात, हा पाहा बकारामचा तलाव. ज्या माणसानं घातलेली पार या गावच्या बांध्या भिजवते, त्या पाण्याचा भात खाऊन लोक म्हणतात. अन् आता ऐक, नीट ऐक. रुख्माले पोरबाळ नाही. कसं होईल, नवरा रेतीत. घाटावर धुणं धुताना एक बाई दुसरीले म्हणाली, हिच्या पोटात काय टिकते, हा पण बकारामचा तलाव. रुख्मानं हातातलं लुगडं पिळलं, टोपल्यात टाकलं, घरी आली. मले दुसऱ्या बाईनं सांगितलं. मी पण मनात बाबालेच शिव्या दिल्या. म्हातारा मेला पण आमच्या कपाळी हे ठेवून गेला, असं म्हटलं मी. सहा वर्षं म्हटलं.

मग यंदा दिवाळीनंतर मंडईचा मेळा भरला तेव्हा उदाराम गावी आला. तिकडेच रेल्वेत लागला होता, आता अंग थकलं म्हणून आला. मी जेवायले बोलावलं. म्हटलं बाबाचा शेवटचा जोडीदार. जेवला. रुख्मानं लोटा भरून दिला. अर्धा प्याला, अन् उरलेलं पाणी अंगणात न फेकता उठला, तुळशीपाशी गेला अन् बोटांच्या फटीतून थेंब थेंब मुळाशी सोडलं. आपल्या घरी, जिथे मागच्या दारी तलाव आहे! रुख्मा पाहतच राहिली. तिनं विचारलं, काका, असं काऊन? झालं. म्हातारा तिथेच तुळशीपाशी बसला अन् रडायले लागला. मी म्हटलं रडायचं आहे तर घरी जाऊन रड, नाहीतर काय ते बोल. तो बोलला.

तू जन्मला त्या घरात मी पण जन्मली, म्हणून तुले समजावून सांगायले नको. तिथे पोचल्या दिवशी बाबानं माती चिमटीत घेतली, जिभेवर ठेवली, दाताखाली चावली. करकर वाजते ती माती पाणी सोडते, टाळूले लोण्यासारखी चिकटते ती धरते. बाबानं थुंकलं अन् म्हटलं, हिले पोट नाही, ही पाणी ठेवणार नाही, चला घरी. हे बाबानं म्हटलं, खेमराज. बाबानं. शेठाच्या माणसासमोर हात जोडून म्हटलं की आमच्यानं होणार नाही. अन् मग तू पुढे झाला. बापाच्या मागून पुढे आला अन् म्हणाला, मी करतो.

अन् केलं ते कसं? चिकट माती तू शोधली. त्या साऱ्या रेतीत एकाच जागी घट्ट जमीन होती, तव्यासारखी पसरट, मधोमध उतरती. तलाववाल्याचा डोळा, लगेच तिथेच जाणार. पारीले माती पाहिजे, ही घ्या. पण ती काही देवानं दिलेली जमीन नव्हती. ती त्या गावच्या बायायनं राख, चुना, मुरूम आणून, पिढ्यान् पिढ्या चोपून चोपून बसवलेली होती. आगोर म्हणतात त्याले. वर्षाचा जो काही पाऊस पडते तो त्याच्यावरून वाहून मधल्या झाकलेल्या कुंडात उतरते, अन् तेच त्यांचं वर्षभराचं पाणी. एक म्हातारी त्याच्यावर आडवी झाली म्हणे, कुदळ मारायची तर माझ्यावर मार. तू तिले हाताले धरून उठवलं. गोड बोलून उठवलं. म्हणाला, आजी, झाकलेलं पाणी म्हणजे गाडलेलं पाणी, मी तुम्हाले उघडं पाणी देईन, त्यात आभाळ दिसेल. अन् बाबा? परक्या लोकात पोराचा पाणउतारा नको म्हणून गप्प बसला. गप्प बसला अन् त्यानं पण डोक्यावर टोपलं घेतलं. तुझ्यासाठी माती वाहिली त्यानं, पाणी टिकणार नाही हे माहीत असून.

पौर्णिमेले भरला तलाव. बाया घागरे वर खोचून पाण्यात उतरल्या, जन्मात एवढं पाणी पाहिलं नव्हतं त्यायनं. अमावास्येले तळाशी चिखल, अन् नंतर चिखल पण नाही. आगोर खणलेला, म्हणून कुंडात थेंब उतरला नाही. उन्हाळ्यात दूरच्या गावाहून उंटाच्या पाठीवर पखालीत पाणी यायचं, घरागणिक मापून. ढोरं मेली. दोन तान्ही लेकरं मेली. मग गाव जमा झालं अन् विचारलं, हे कोणी केलं? बाबा पुढे आला. म्हणाला मी. पोरगा तर माझ्या हुकुमाचा. अन् तू खाली मान घालून उभा राहिला. उदाराम म्हणे मान इतकी खाली की लोकायले वाटलं, बापाच्या करणीनं पोरगा लाजून राहिला.

त्यायनं मारलं नाही. त्यायनं बाबाले पण पाण्याचा वाटा दिला, आपल्या घरच्यासारखा. तो वाटा बाबा रोज त्या म्हातारीच्या मडक्यात ओतायचा, स्वतः ओठ ओले करायचा. तापानं नाही गेला बाबा. तहानेनं गेला. अन् त्याच वैशाखात इकडे आपल्या तलावात म्हशी डुंबत होत्या अन् मी त्यांच्या पाठी घासत होती, अन् म्हणत होती, म्हातारा तिकडे मजेत असंल.

चुकीचं मले काही वाटत नाही, हे पण लिहून ठेवते, नाहीतर तू म्हणशील बाई समजून घेत नाही. चूक होते. पारी फुटतात. सात पिढ्यांत आपल्या किती फुटल्या असतील. फुटली की आपण माती टाकतो. आपली चूक मेलेल्या बापाच्या छातीवर नाही टाकत. बाबानं तुझं नाव झाकलं ते परक्या गावात. तू घरी पत्र लिहिताना कोण होतं तुझ्यासमोर? मी होती. रुख्मा होती. आमच्यापुढे पण तुले मान खाली घालूनच उभं राहायचं होतं?

उदारामनं चांगलंही सांगितलं, ते दडवत नाही. तू तिथे आगोर पुन्हा बांधला. एकट्यानं सुरुवात केली, मग बाया आल्या, मग गडी आले. राख कालवली, मुरूम वाहिला, सहा वर्षं चोपला. कुंडाले नवीन घुमट चढवला. यंदाच्या पावसात पाणी उतरलं अन् टिकलं, ती म्हातारी अजून जिवंत आहे अन् तिनं पहिला डोल तुझ्या हातानं काढवला. लोक तुले आपला माणूस म्हणतात. चांगलं केलं. त्या गावाचं तुटलं ते तू जोडलं, त्याच्यासाठी कोणी तुले नावं ठेवणार नाही. म्हणूनच आता तुले रेतीवर ओळी दिसतात, आभाळ अंगावर उतरते. पोट भरल्यावर सुचते ते सारं. आमचं तुटलं ते कोण जोडेल? तू त्या परक्या म्हातारीले सहा वर्षं दिली. रुख्माले दिली एक ओळ.

ती ओळ मी तिले वाचून दाखवली. दडवायचा विचार आला होता, पण मी दडवत नाही, घरात दडवणारा एक पुरे. ती धान पाखडत होती. ऐकलं. सूप खाली ठेवलं नाही यावेळी. पाखडत पाखडतच म्हणाली, आता पाणी झालं म्हणून बोलावून राहिले काय? तहान होती तेव्हा बोलावलं असतं तर मी पायी गेली असती. एवढंच. मग तिनं कोंडा उडवला अन् सगळा माझ्या डोळ्यात गेला. मी तिले दोन शिव्या घातल्या, तिनं ऐकून घेतल्या.

आता कायले एवढं लिहिलं ते सांगते. चिचगडचा मनिराम म्हणून आहे, आपल्याच जातीचा, बायको बाळंतपणात गेली. मंडईले आला होता, त्यानं रुख्माले पाहिलं अन् मग दोनदा उगाच बैल पाहायच्या निमित्तानं आला. राजबिंडा नाही. समोरचा दात नाही, जेवताना आवाज करते. पण जंगलात मोहफुलाले गेला तरी सांजच्याले घरी येते, अशी त्याची ख्याती आहे, अन् मी तेवढंच विचारलं. मीच बोलणं काढलं, तुझ्या बहिणीनं. रुख्मा हो म्हणाली नाही, पण दुसऱ्या दिवशी डोकं धुऊन वेणी घातली. ती गेली की या घरात मी अन् दोन म्हशी, पण ते माझं मी पाहीन, त्याच्यावर तू काही लिहू नको. दुसऱ्या लग्नाचा पाट लावायले पंच म्हणतात, नवरा जिवंत आहे, त्याचा शब्द पाहिजे. तर तुझा शब्द पाठव, रुख्मा मोकळी आहे म्हणून. दोन साक्षीदारांची नावं घाल, उंटवाले असले तरी चालतील. अन् त्याच कागदावर, त्याच अक्षरात, तलावाचं खरं काय ते लिही. ते मी पंचांपुढे वाचणार आहे. महाशिवरात्रीले प्रतापगडची जत्रा. मनिराम तिथे येईल, पंच पण येतील. जत्रेच्या आदल्या दिवसापर्यंत मी डाकवाल्याची वाट पाहीन. नाही आलं, तर जत्रेच्या दिवशी मी सांगीन, रेतीतून सांगावा आला, माझा भाऊ गेला. पळसाच्या पानांचा पुतळा बांधीन, तुझं नाव घेऊन पारीवर जाळीन, रुख्माच्या बांगड्या माझ्या हातानं फोडीन, अन् दहावा झाला की तिचा पाट लावीन. तू बापाच्या मरणाचं खोटं लिहिलं ते आम्ही खरं मानलं. तुझ्या मरणाचं मी खोटं सांगीन, अन् गाव खरं मानेल, कारण मी आजवर कधी खोटं बोलली नाही. मग कधी आला तरी या गावात तू भूत. जत्रेच्या आदल्या दिवसापर्यंत. उत्तर दे.

जत्रेपर्यंत तरी
तुझीच बाई,
देवका